भारतीय महिला हँडबॉल संघ नेमका कुठे आहे? पुतणीसाठी विचारून राहिलो

महालचा_काका

नमस्कार मंडळी. माझी पुतणी नववीत आहे, सहावीपासून शाळेत हँडबॉल खेळते. डावखुरी आहे. यंदा विभागाच्या संघात तिची निवड झाली. भर मे महिन्यात, नवतपा लागलेला असतानाही, पोरीनं पहाटेचा सराव सोडला नाही. आता पुढच्या वर्षी दहावी, म्हणून माझा भाऊ म्हणतो की खेळ बंद. त्यात घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एका नातेवाइकानं लिहिलं, "या खेळात भारताचा बायकांचा संघ कुठेच नाही, वर्ल्ड कपला एकदाही गेला नाही, कशाला वेळ घालवता?" पोरीनं लगेच उत्तर टाकलं, "आपण आशियाई विजेते आहोत." तेव्हापासून दोन्हीकडून तणातणी सुरू आहे.

मी नेटवर शोधलं तर आणखी गोंधळ झाला. एका ठिकाणी सुवर्णपदक, दुसऱ्या ठिकाणी पहिल्या फेरीत बाहेर. रविवारी भावाकडे जेवायला जायचं आहे, तेव्हा नीट माहिती घेऊन बसायचं आहे.

मला एवढं सांगा. या दोघांपैकी खरं कोण बोलून राहिलं? पोरीला मोबाइलवर सामने दाखवायचे तर कोणत्या संघाचे दाखवू? आणि तिची उंची पाच फूट दोन इंच आहे. एका निवड चाचणीत कोणीतरी तिला "उंची नाही, पुढे अवघड आहे" असं तोंडावर सांगितलं. ते तिच्या मनाला लागलं आहे. यात तथ्य आहे का?

अजनीकर

काका, दोघंही खरं बोलत आहेत. पुतणी म्हणते तो ज्युनियर संघ. मार्च २०२२ मध्ये कझाकस्तानात अल्माटीला भारताच्या ज्युनियर मुलींनी आशियाई स्पर्धा जिंकली, फायनलला थायलंडला ४१-१८ असं हरवलं. नातेवाईक म्हणतात तो सीनियर संघ. तो जागतिक स्पर्धेला कधीच गेलेला नाही, ऑलिम्पिकलाही नाही.

बाकीचं सहा_मीटर ताई सांगतील. त्या स्वतः खेळलेल्या आहेत.

सहा_मीटर

काका, आधी पोरीचं अभिनंदन. विभागाचा संघ म्हणजे नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या सहा जिल्ह्यांतून निवड. मी विद्यापीठाकडून पिव्हट खेळले, म्हणजे डीच्या (गोलसमोरच्या अर्धगोलाच्या) रेषेवर बचाव करणाऱ्यांच्या मधोमध पाठ देऊन उभं राहणारी. आता सकाळच्या बॅचला मुलींना शिकवते. हा विषय माझ्या फार जवळचा आहे, म्हणून लांबलचक लिहिते.

अजनीकर दादांनी सांगितलं ते बरोबर आहे. पण भावाला नुसतं "दोन्ही खरं" म्हणून भागणार नाही. आपल्या संघाचं रेकॉर्ड सरसकट वाचलं की गोंधळच होतो. कोणासमोर खेळलो हे पाहून ते वाचावं लागतं.

दक्षिण आशियात आपण सगळ्यांच्या पुढे आहोत. २०१६ ला गुवाहाटीच्या दक्षिण आशियाई क्रीडा स्पर्धेत सुवर्ण, २०१९ ला नेपाळमध्ये पुन्हा सुवर्ण. नेटवर काकांना दिसलं ते सुवर्ण बहुतेक यांतलंच. इथे बांगलादेश, नेपाळ, श्रीलंका असे संघ समोर असतात आणि आपल्या मुली ताकदीनं, वेगानं सरस ठरतात. या पदकांचा मला मान आहे, पण त्यावरून पुढचा अंदाज बांधता येत नाही.

आशियात गोष्ट वेगळी. सीनियर महिलांची आशियाई स्पर्धा १९८७ पासून होते आणि ती बहुतेक वेळा दक्षिण कोरियानं जिंकलेली आहे. २०१२ ते २०२२ या काळात तर सलग सहा वेळा. डिसेंबर २०२४ मध्ये ही स्पर्धा पहिल्यांदा भारतात आली, नवी दिल्लीच्या इंदिरा गांधी अरेनात. त्या वेळी जपाननं फायनलला कोरियाला २५-२४ नं हरवून ती साखळी तोडली. आपण हाँगकाँगला हरवलं, पण पहिल्या चारांत आलो नाही. भावाला हे सांगताना एक गोष्ट मुद्दाम जोडा. त्याच्या आदल्या वर्षी, २०२३ च्या हांगझोऊ आशियाई खेळांत, याच हाँगकाँगशी आपली बरोबरी झाली होती. त्याच स्पर्धेत नेपाळला आपण सहज हरवलं आणि जपाननं आपला मोठ्या फरकानं पराभव केला. एका स्पर्धेतल्या या तीन निकालांतून आपली जागा कळते. नेपाळच्या बऱ्याच वर, हाँगकाँगच्या आसपास किंवा थोडं वर, आणि जपानच्या खूप खाली.

आता जागतिक स्पर्धा. नातेवाइकांचं वाक्य इथे खरं आहे, पण अर्धवट आहे. महिलांची जागतिक स्पर्धा २०२१ पासून ३२ संघांची झाली, आधी २४ संघ असायचे. त्यामुळे आशियातून जास्त संघ जाऊ लागले. २०२३ ला आशियातून पाच संघ गेले: जपान, कोरिया, चीन, कझाकस्तान, इराण. २०२५ ला जर्मनी-नेदरलँड्समध्ये झालेल्या स्पर्धेतही आशियाचे हेच पाच होते. म्हणजे आपल्याला जगात जायचं तर या पाचांपैकी कोणाला तरी मागे टाकावं लागेल. कोरिया-जपान सोडून द्या. चीन अवघड. राहिले कझाकस्तान आणि इराण.

यातल्या इराणकडे मी माझ्या मुलींना मुद्दाम बघायला सांगते. इराणच्या मुली महिलांच्या जागतिक स्पर्धेला पहिल्यांदा गेल्या त्या २०२१ मध्ये, स्पेनला. पूर्ण बाह्यांचा पोशाख, डोक्यावर हिजाब, अशाच त्या मैदानात उतरतात. त्याआधी तो संघ जागतिक नकाशावर कुठेच नव्हता, आणि त्यानंतर २०२३ आणि २०२५ लाही तो तिथे आहे. म्हणून "कधीच गेला नाही" हे वाक्य भारताबद्दल कायमचं खरं राहील असं मी मानत नाही. २०२१ च्या आधी इराणबद्दलही लोक हेच बोलत असतील.

आता ज्युनियर संघाचं सुवर्ण. पुतणीला अभिमान वाटतो तो योग्यच आहे. आशियाई फायनल ४१-१८ नं जिंकणं हे काही चुकून घडत नाही. त्या विजयानं ज्युनियर जागतिक स्पर्धेचं दारही उघडलं. पण तिला हेही सांगा की फायनलला समोर थायलंड होता, कोरिया किंवा जपान नव्हता. आणि भाऊ विचारेल तो खरा प्रश्न असा: एकोणीस-वीस वर्षांच्या मुली आशियात जिंकतात, मग त्याच मुली पंचविसाव्या वर्षी कुठे जातात?

माझ्या मते आपल्या संघाच्या रेकॉर्डमधली सगळ्यात मोठी अडचण हीच आहे. बी.ए., बी.पी.एड. संपलं, विद्यापीठाचा संघ संपला, की मुलीला खेळायला जागाच उरत नाही. माझ्याबरोबरच्या दोघी-तिघी माझ्याहून चांगल्या होत्या. एक सासरी गेली, एक नोकरीसाठी पुण्याला गेली, तिथे तिला संघ मिळाला नाही. हँडबॉलमध्ये बॅक, म्हणजे मागून हल्ला रचणारी आणि लांबून फेकणारी मुलगी चोविशी-पंचविशीनंतर खरी तयार होते, कारण समोरच्या सहा जणींचा बचाव वाचायला वर्षं लागतात. नेमक्या त्याच वयात आपल्याकडच्या मुली घरी बसलेल्या असतात.

कोरियात तसं होत नाही. तिथे शहरांच्या नगरपालिकांचे महिला संघ आहेत, कंपन्यांचे आहेत. सामचोक नावाच्या छोट्या शहराच्या पालिकेचा संघ देशाच्या लीगमधला तगडा संघ आहे. जपानात हॉक्कोकू बँकेचा संघ वर्षानुवर्षं राष्ट्रीय विजेता राहिला आहे. मुलगी शाळा-कॉलेज संपवून अशा संघात जाते, पगार घेते आणि तिशीपर्यंत खेळते. कोरियाची ओ सोंग-ओक पाच ऑलिम्पिक खेळली, १९९२ पासून २००८ पर्यंत. लिम ओ-क्योंग आई झाल्यानंतर परत आली, २००४ च्या अथेन्स ऑलिम्पिकच्या फायनलला खेळली आणि पुढे त्यांच्या संसदेत निवडून गेली.

त्या फायनलबद्दल थोडं लिहितेच, कारण पुतणीला सामना दाखवायचा तर मी हाच आधी सांगेन. कोरिया विरुद्ध डेन्मार्क. डेन्मार्कनं १९९६ आणि २००० अशी लागोपाठ दोन ऑलिम्पिक सुवर्णं घेतलेली. कोरियन मुली उंचीनं त्यांच्यापेक्षा बऱ्याच लहान. साठ मिनिटांत बरोबरी, पहिल्या जादा वेळेत बरोबरी, दुसऱ्या जादा वेळेतही बरोबरी, ३४-३४. मग सेव्हन मीटरवर, म्हणजे पेनल्टी फेकींवर, डेन्मार्क जिंकला. रौप्यपदक मिळालं, पण हँडबॉल खेळणाऱ्या माणसाला विचारा, तो तुम्हाला त्या दिवशीच्या हरलेल्या संघाबद्दल जास्त सांगेल.

कोरियाच्या महिलांचं एकूण रेकॉर्ड भावाला दाखवा, म्हणजे उंचीचा प्रश्नही त्यातच सुटेल. १९८४ ला लॉस एंजेलिसला रौप्य, १९८८ ला सोलमध्ये सुवर्ण, १९९२ ला बार्सिलोनाला पुन्हा सुवर्ण, आणि दोन्ही वेळा रौप्यावर नॉर्वे. १९९६ ला रौप्य, २००४ ला रौप्य, २००८ ला कांस्य. १९९५ ची जागतिक स्पर्धा ऑस्ट्रिया आणि हंगेरीत झाली, तिथे फायनलला हंगेरीला २५-२० नं हरवून कोरिया जगज्जेता झाला. युरोपबाहेरचा तो पहिला महिला संघ. दुसरा यायला २०१३ उजाडलं, तो ब्राझील. १९८४ ते २०२४ एकही ऑलिम्पिक कोरियन मुलींनी चुकवलेलं नाही, सलग अकरा. आणि २०२२ ला अठरा वर्षांखालच्या कोरियन मुलींनी उत्तर मॅसेडोनियातल्या स्कोप्येत डेन्मार्कला फायनलमध्ये हरवून जागतिक विजेतेपद घेतलं. पुतणीपेक्षा थोड्याच मोठ्या पोरी त्या.

हे सगळं त्यांनी उंचीवर केलेलं नाही. पायांचा वेग, मनगट, न बघता दिलेला पास, आणि चेंडू हाती आला की दुसऱ्या क्षणाला फास्ट ब्रेक, म्हणजे झटपट प्रतिहल्ला. सहा फुटांची डॅनिश बॅक परत फिरून बचावात उभी राहण्याआधीच कोरियन विंग, म्हणजे कडेनं खेळणारी मुलगी, डीवरून उडी मारून मोकळी झालेली असते.

म्हणून चाचणीतल्या त्या वाक्यावर मला राग येतो. नववीतल्या मुलीला उंची नाही म्हणून पुढे अवघड आहे असं सांगणं चूक आहे. लेफ्ट बॅकला, पिव्हटला उंची लागते हे खरं. मी स्वतः पिव्हट होते, धिप्पाड बचावाशी रेटारेटी काय असते ते माझ्या खांद्यांना माहीत आहे. पण विंगला आणि सेंटर बॅकला पाच-दोन पुरते. आणि काका, तुम्ही एक सोन्यासारखी माहिती एका शब्दात उरकून टाकली. पोरगी डावखुरी आहे! जगातला प्रत्येक संघ डावखुऱ्या मुली शोधत असतो. उजव्या विंगवरून उजव्या हाताची मुलगी फेकते तेव्हा तिचा हात बाहेरच्या रेषेकडे असतो, गोल अगदी चिंचोळा दिसतो. डावखुरीचा हात मैदानाच्या आतल्या बाजूला येतो, उडी मारली की कोन उघडत जातो. हे शिकवून येत नाही, जन्मानं मिळतं. तिला राइट विंग खेळवतात ना? नसतील तर सरांना विचारा.

महालचा_काका

ताई, एवढं सविस्तर कोणी सांगेल असं वाटलं नव्हतं. पोरीला वाचून दाखवलं. ती लेफ्ट विंग खेळते म्हणते, कारण शाळेत राइट विंगला आधीपासून एक मोठी मुलगी आहे.

अजून दोन गोष्टी विचारतो. भावाची मुख्य काळजी दहावीची आहे आणि पुढे पोटापाण्याची. त्याला काय सांगू? आणि आमच्या नागपुरात राहून हे जमेल का? ती म्हणते की हिमाचलच्या मुली सगळ्या जागा घेतात.

अजनीकर

पोटापाण्याचं मी सांगतो. माझं घर रेल्वेच्या पगारावर चाललेलं आहे आणि स्पोर्ट्स कोट्यातून लागलेले बरेच लोक मी जवळून पाहिले आहेत. हँडबॉलमध्ये रेल्वेचा महिला संघ देशातल्या तगड्या संघांपैकी एक आहे. पोलीस आणि निमलष्करी दलातही हँडबॉलचे संघ आहेत. महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, पण त्यासाठी कोणती स्पर्धा, कोणता क्रमांक, याचे नियम कडक आहेत. म्हणून आजपासून प्रत्येक प्रमाणपत्र जपून ठेवा, मूळ प्रत लॅमिनेट करू नका, आणि स्पर्धा संपली की नाव, जन्मतारीख, वर्ष बरोबर छापलंय का ते तिथेच बघा. पुढे विभागीय उपसंचालक कार्यालयात पडताळणी होते, तेव्हा एका अक्षराच्या चुकीसाठी पोरांना चकरा माराव्या लागतात.

दहावीला खेळाचे सवलतीचे गुण मिळतात. शाळेकडून प्रस्ताव वेळेत जायला हवा, एवढं बघा. भावाला ही गोष्ट पटेल.

सहा_मीटर

दादांनी प्रमाणपत्राचं सांगितलं ते शंभर टक्के खरं. मी एवढंच म्हणेन की नोकरी मिळते म्हणून खेळू द्या असं भावाला सांगू नका. सगळ्यांनाच नोकरी मिळत नाही. दहावीच्या वर्षात आठवड्यातले तीन-चार दिवस, सकाळचा एक तास, एवढं राहू द्या म्हणावं. पूर्ण वर्ष बंद केलं तर हाताची सवय जाते, आणि या वयातली सुटलेली सवय परत आणायला फार कष्ट पडतात. दिवाळीनंतर सराव कमी करा, परीक्षा झाली की दुसऱ्या दिवशी मैदानावर.

आता हिमाचल. पुतणी म्हणते ते खरं आहे, आणि त्यात निराश होण्यासारखं काहीच नाही, उलट मला त्यातून आशा दिसते. बिलासपूर जिल्ह्यात मोरसिंघी नावाचं गाव आहे. आपल्या नागपूरहून गाडी जाते ते छत्तीसगडचं बिलासपूर नव्हे, हे डोंगरातलं. तिथे स्नेहलता नावाच्या खेळाडू आणि शिक्षिकेनं गावातच हँडबॉलची नर्सरी, म्हणजे मुलींचं प्रशिक्षण केंद्र, उभी केली. साध्या घरांतल्या मुली तिथे राहून खेळल्या, आणि त्या गावानं देशाच्या संघाला एकामागून एक मुली दिल्या. २०२२ ला अल्माटीत जिंकलेल्या संघातही तिथल्या मुली होत्या. डोंगरातल्या एका खेड्यातून हे झालं. आपल्याकडे मानकापूरचं क्रीडा संकुल आहे, रविनगरला विद्यापीठाचं मैदान आहे, शारीरिक शिक्षणाची कॉलेजं आहेत. हिमाचलच्या मुलींनी जागा घेतल्या नाहीत, त्यांनी त्या रोज सकाळी मैदानावर उतरून कमावल्या.

आपल्या नागपूरच्या मुलींची खरी अडचण मला वेगळी दिसते. आपण मातीवर किंवा सिमेंटवर खेळतो. आंतरराष्ट्रीय सामना बंदिस्त हॉलमध्ये, सिंथेटिक मॅटवर होतो, आणि मुली बोटांना रेझिन लावतात. हे एक चिकट द्रव्य असतं, त्यामुळे चेंडू एका हाताच्या पकडीत बसतो आणि मनगटानं फिरकी देऊन टाकता येतो. आपली मुलगी राष्ट्रीय शिबिरात पहिल्यांदा रेझिन लावते तेव्हा तिचा पास बोटांना चिकटून खाली जातो, नेम चुकतो. मातीवर टप्पा कसा येईल याचा भरवसा नसतो, म्हणून आपल्या मुली टप्पा टाळून दोन्ही हातांनी पकडायची सवय लावून घेतात. सिमेंटवर तर उडी मारून पडायची भीती असते, आणि विंगच्या मुलीला पडता आलंच पाहिजे. ही तफावत एका महिन्याच्या शिबिरात भरून निघत नाही. कोरियाच्या पोरी हे दहाव्या वर्षापासून करतात. मोठ्या फरकानं हरलेल्या सामन्यांचा स्कोअर वाचताना मला हे सगळं त्यात दिसतं. नुसता आकडा बघून "आपल्या मुलींत दम नाही" म्हणणाऱ्यांना मी मैदानावर बोलावते.

त्यावर घरच्या घरी काय करता येईल ते सांगते. चेंडू दोन नंबरचाच घ्या, घेर ५४ ते ५६ सेंटिमीटर, वजन ३२५ ते ३७५ ग्रॅम. महिला संघ याच चेंडूनं खेळतो. बऱ्याच शाळांत अजून लहान मुलींचा एक नंबरचा चेंडू फिरत असतो आणि त्यानं मनगट तयार होत नाही. सीताबर्डीवर खेळाच्या दुकानात नंबर बघून, हातात धरून घ्या. घरी भिंतीवर रोज डाव्या हातानं मनगटाचे पास, पकडायचं मात्र एका हातानं. आणि गादीवर खांद्यावरून लोळण घेऊन पडायचा सराव. आई ओरडेल, पण करू द्या.

राइट विंगचं सरांशी बोलाच. मोठी मुलगी पुढच्या वर्षी शाळेतून जाईल, तोवर सरावात तरी अर्धा वेळ त्या बाजूनं फेकू द्या.

गोपालनगरची_आई

मध्येच विचारते, माफ करा. माझी मुलगी आठवीत आहे, गोलकीपर. इथे सगळे गोल करणाऱ्यांबद्दल बोलून राहिले. तिच्यासाठी कोणाचे सामने बघू? मॅच हरली की तीच रडत घरी येते, वीस गोल खाल्ले म्हणते.

सहा_मीटर

ताई, माफी कसली. गोलकीपरबद्दल आधीच लिहायला हवं होतं, कारण मला रेषेवर उभं राहून सगळ्यात जास्त छळलं ते गोलकीपरांनीच.

हँडबॉलमध्ये गोलकीपरनं तीन फेकींतली एक अडवली तर ती उत्तम गोलकीपर. दहा फेकींत तीन-चार अडवल्या तर मॅच संघाच्या बाजूला झुकते. म्हणून तिला वीस गोल मोजू देऊ नका. किती फेकी आल्या आणि किती अडवल्या, हे दोन आकडे वहीत लिहायला सांगा. तुम्ही मैदानाबाहेर बसून टिपलेत तर आणखी चांगलं. विंगवरून आलेल्या वेगळ्या, नऊ मीटरवरून आलेल्या वेगळ्या, सेव्हन मीटरच्या वेगळ्या. महिन्याभरात दिसेल की तिला कुठून गोल पडतात, आणि सरांनाही कळेल.

सामने बघायचे तर नॉर्वेचे. कात्रिने लुंडे ही त्यांची गोलकीपर होती, १९८० चा जन्म. २००८ आणि २०१२ ला ऑलिम्पिक सुवर्ण घेतलं आणि २०२४ ला पॅरिसमध्ये चव्वेचाळिसाव्या वर्षी तिसरं. त्या स्पर्धेत नॉर्वे पहिलाच सामना स्वीडनकडून हरला होता, तरी फायनलला फ्रान्सला २९-२१ नं हरवलं. फायनलमध्ये फ्रान्ससारख्या संघाला एकवीसवर थांबवलं, त्यात बचावाचा आणि गोलकीपरचा वाटा किती ते मुलीला बघू द्या. लुंडे उडी मारायची घाई करायची नाही. फेकणारीचा खांदा फिरेपर्यंत थांबायची. त्या एका गोष्टीसाठी सामना हळू करून बघा. आणि एकवीस गोल तिथेही झालेच, हे मुलीला मुद्दाम मोजून दाखवा.

काका, तुमच्या पुतणीसाठी अथेन्सच्या फायनलनंतर दोन सामने लिहून ठेवा. पहिला ऑगस्ट २०२३ चा, हिरोशिमात झालेली ऑलिम्पिक पात्रता स्पर्धा, कोरिया २५, जपान २४. आपला संघही त्या स्पर्धेत होता. दुसरा डिसेंबर २०२४ चा, दिल्लीची आशियाई फायनल, जपान २५, कोरिया २४. तोच स्कोअर, निकाल उलटा. मधल्या काळात हांगझोऊच्या फायनलला जपाननं कोरियाला २९-१९ नं हरवलं, तेही बघून टाका. या तीन सामन्यांत तिला आशियातला सगळ्यात वरचा हँडबॉल दिसेल, आणि दोन्ही संघांत पाच-दोन, पाच-तीनच्या मुली सापडतील. राइट विंगवर कोण आहे, ती कुठल्या पायानं उडी मारते आणि बचावात परत यायला किती पावलं घेते, एवढंच टिपून घ्यायला सांगा.

महालचा_काका

सगळं एका कागदावर उतरवलं. इराणचं आणि मोरसिंघीचं भावाला आधी सांगतो, प्रमाणपत्राचं त्यानंतर. चेंडू उद्याच आणतो. ताई, रविनगरच्या बाजूला सकाळी तुमची बॅच असेल तर पोरीला एकदा आणू का?

सहा_मीटर

आणा. साडेपाचला सुरू होते, सव्वापाचला या. डावखुरी आहे हे ऐकून आमच्या बॅचच्या मुली आतापासून वाट बघत आहेत. येताना दोन नंबरचा चेंडू, पाण्याची मोठी बाटली आणि गुडघ्याचे पॅड. तर्री-पोहे सरावानंतर, आधी नाही.